वाचकांचे प्रश्न : सावली मागे फिरवायची तर

मागच्या अंकात आम्ही ‘छायाफेर’ नावाचा एक कल्पित विधी मांडून त्यावर प्रश्न मागवले होते. विधी थोडक्यात असा : सपाट जागेत दोन मीटर उंचीचा शंकू, म्हणजे सरळ उभी काठी, रोवायचा. भोवती बारा नर्तक. प्रत्येकाने आळीपाळीने पाच पळं सावलीच्या टोकावर नाचायचं, बाकीच्यांनी फेर धरून लय सांभाळायची. बारा पाळ्या झाल्या की साठ पळं, म्हणजे एक घटिका, म्हणजेच 24 मिनिटं भरतात. फेर न चुकता पुरा झाला तर वर्तुळातला काळ नर्तकांच्या हाती येतो. तो संथ करता येतो, जलद करता येतो, मागे नेता येतो. पत्रं आली ती बहुतेक कथा-कादंबऱ्या लिहिणाऱ्यांची, नाटकवाल्यांची आणि संगणकावरचे खेळ रचणाऱ्यांची. त्यांतले काही प्रश्न आणि त्यांची उत्तरं.

प्रश्न : पाच पळं हाच आकडा का? माझ्या कथेत मी प्रत्येक नर्तकाला दहा मिनिटं दिली आहेत.

दिलीत तरी विधी मोडत नाही, पण एक फार सुंदर जुळणी हातची जाते. पृथ्वी तासाला 15 अंश फिरते, म्हणजे एका अंशाला चार मिनिटं. पाच पळं म्हणजे दोन मिनिटं, तेवढ्यात सूर्य अर्धा अंश सरकतो. आणि आकाशात दिसणारी सूर्याची तबकडीही जवळपास अर्ध्या अंशाचीच असते. थोडक्यात, एका नर्तकाच्या पाळीत सूर्य स्वतःच्या रुंदीइतका पुढे जातो. कथेतल्या गुरूने शिष्याला ‘एक सूर्य नाच’ एवढंच सांगितलं तरी वेळ सांगून होते.

लयही याच हिशोबात बसवा. मिनिटाला 60 मात्रा ठेवल्या तर पाळीच्या 120 मात्रा होतात आणि सोळा मात्रांची साडेसात आवर्तनं पडतात. समेवर पाळी बदलता येत नाही, दर दुसरा नर्तक आवर्तनाच्या अर्ध्यात उतरतो. मात्रा 64 केल्या की 128 होतात, नेमकी आठ आवर्तनं. पूर्ण फेराची 96. एवढ्या चार मात्रांनी पाळी बदलण्याचा सगळा गोंधळ मिटतो.

तुमच्या दहा मिनिटांच्या पाळीत बारा जणांना दोन तास लागतील. तेवढ्यात सूर्य 30 अंश सरकेल आणि सुरुवातीच्या सावलीवर आखलेलं वर्तुळ शेवटाला कामाचं राहणार नाही. शिवाय एकाच पाळीत दहा मिनिटं गिरक्या घेणारा माणूस काळ सांभाळेल की तोल?

प्रश्न : विधी भर दुपारी घडतो असं लिहिलं आहे. पण दृश्य काही केल्या उभं राहत नाही. काय चुकतंय?

वेळ चुकतेय. दुपारी सावली हलताना दिसतच नाही. सूर्य 45 अंश उंचीवर असताना दोन मीटर शंकूची सावली दोन मीटरच पडते आणि माथ्यावर येऊन कलण्याच्या सुमारास तिचं टोक एका पाळीत दोन-अडीच सेंटिमीटर सरकतं. दोन बोटं! एवढ्यासाठी बारा माणसं नाचवायची म्हणजे वाचकाला वाटणार की हे उगाच घाम गाळताहेत.

सकाळ घ्या. सूर्य क्षितिजाच्या 10 अंश वर आला की सावली सव्वाअकरा मीटर असते. विषुववृत्ताच्या आसपास, जिथे सूर्य सरळ वर चढतो, तिथे 24 मिनिटांत तो 16 अंशांवर पोचतो आणि सावली सात मीटरवर येते. म्हणजे घटिकाभरात टोक चार मीटरहून अधिक मागे हटतं. पण ते सारख्या वेगाने हटत नाही. पहिल्या पाळीत सुमारे 55 सेंटिमीटर, म्हणजे एक चांगली ढांग. बाराव्या पाळीत जेमतेम 24 सेंटिमीटर, एका पावलाच्या लांबीएवढं. तेव्हा पहिल्या नर्तकाच्या हालचाली मोठ्या, झेपेच्या हव्यात आणि शेवटच्याच्या जागच्या जागी, पायाच्या बोटांवरच्या. पाळी कोणाला कितवी द्यायची हे यावरून ठरतं : उंच, लांब पायांचे आधी, तोल पक्का असलेले शेवटी. विषुववृत्तापासून दूर गेलात तर सूर्य तिरका चढतो. 60 अक्षांशावर, दिवसरात्र सारखी असण्याच्या सुमारास, त्याचा चढण्याचा वेग जवळपास निम्मा होतो. तिथे याच आकड्यांना कात्री लावा.

सूर्योदयालाच सुरुवात करण्याचा मोह अनेकांना होतो. 5 अंशांवर सावली 23 मीटर असते आणि मिनिटाला मीटरभर पळते. वर्तुळ आखायचं कुठे?

सकाळच्या विधीत तीन गोष्टी फसतात, त्या कथेत वापरण्याजोग्या आहेत. पहिली, जमीन. दहा अंशांच्या उन्हात जमिनीला एक अंशाचा उतार असला तरी टोक मीटरभर इकडे-तिकडे जातं. म्हणून आदल्या दिवशी पाणी ओतून किंवा पाण्याच्या नळीने समपातळी तपासणं हे विधीचंच अंग करा. दुसरी, काठीची जाडी. सूर्य ठिपका नाही, तबकडी आहे, त्यामुळे कोणत्याही वस्तूची गडद सावली तिच्या जाडीच्या साधारण 108 पट अंतरापर्यंतच पोचते. तीन सेंटिमीटरची काठी सव्वातीन मीटरपुढे नुसता फिकट पट्टा टाकते. शंकूच्या माथ्यापासून सावलीच्या टोकापर्यंत तिरपं अंतर साडेअकरा मीटर आहे, तेव्हा माथ्यावर किमान 11 सेंटिमीटर, खरं तर 15 सेंटिमीटरचा गोळा हवा. तिसरी, टोकाची कड. तिरप्या उन्हात ती 60 सेंटिमीटरभर विरघळलेली असते. ‘टोक इथे आहे’, ‘नाही, तिथे आहे’ हा वाद दोन नर्तकांत खरोखरच होऊ शकतो. उपाय जुना आहे : गोळ्याऐवजी मधोमध भोक असलेली चकती बसवा, सूर्याकडे तोंड करून. सावलीच्या पोटात उजेडाचा एक लांबट डाग पडतो आणि त्याचा मध्य डोळ्याने नीट पकडता येतो.

दुपार हवीच असेल तर दोन वाटा आहेत. एक म्हणजे दोन्ही अयनवृत्तांमधला प्रदेश आणि वर्षातले ते दोनच दिवस, जेव्हा सूर्य थेट डोक्यावर येतो आणि शंकूची सावली त्याच्याच बुडाखाली नाहीशी होते. सावली पश्चिमेकडून पूर्वेकडे वळते ती त्या मधल्या मिनिटांत. काळ उलटवण्यासाठी याहून नेमका क्षण आम्हाला सुचत नाही. दुसरी वाट म्हणजे शंकू अवाढव्य करणं. जयपूरच्या जंतर-मंतरमधलं सम्राट यंत्र सुमारे 27 मीटर उंच आहे आणि त्याची सावली सेकंदाला एक मिलिमीटर, म्हणजे मिनिटाला सहा सेंटिमीटर सरकते. तिथे उभं राहिलं की ती चालताना दिसते.

प्रश्न : खेळात विधी दुपारी बाराच्या ठोक्याला सुरू होतो. हे बरोबर आहे का?

घड्याळाचे बारा आणि सूर्याचे बारा वेगळे. एखादं ठिकाण आपल्या प्रमाणवेळेच्या रेखावृत्तावरच असलं तरी नोव्हेंबरच्या सुरुवातीला सूर्य सुमारे 16 मिनिटं आधी माथ्यावर येतो आणि फेब्रुवारीच्या मध्याला 14 मिनिटं उशिरा. घटिकाभराच्या नाचात 16 मिनिटांची चूक म्हणजे आठ नर्तकांच्या पाळ्या वाया. खेळात घड्याळाऐवजी सावली सर्वांत आखूड होण्याचा क्षण धरा.

प्रश्न : फेर कोणत्या दिशेने धरायचा?

कर्कवृत्ताच्या उत्तरेला सावली घड्याळाच्या काट्यांप्रमाणे फिरते, मकरवृत्ताच्या दक्षिणेला उलटी. दोन्हींच्या मधे ऋतूवर अवलंबून. काळ पुढे ढकलायचा तर सावलीसोबत, मागे न्यायचा तर सावलीविरुद्ध, एवढा नियम पुरे. दक्षिण गोलार्धातला नर्तक उत्तरेत येऊन सवयीने फेर धरतो आणि भलतंच घडतं, हे कथानक कोणीतरी लिहावं.

गिरक्यांबद्दल एक शारीरिक खबरदारी. कानाच्या आत अर्धवर्तुळाकार नलिकांमध्ये द्रव असतो. एकाच दिशेने एकसारखं फिरत राहिलं की तो शरीरासोबत फिरू लागतो आणि माणूस थांबल्यावरही फिरतच राहतो. म्हणून गिरकी थांबवून लगेच सावलीच्या टोकावर पाय ठेवायला गेलेला नर्तक झोकांडी खाणारच. शेवटच्या आवर्तनात वेग हळूहळू उतरवा, किंवा नजर एका खुणेवर रोखून डोकं सर्वांत शेवटी झटक्यात वळवायचं तंत्र वापरा.

प्रश्न : वर्तुळात काळ निम्म्या वेगाने चालू लागला. आतल्यांना आणि बाहेरच्यांना काय दिसेल, काय ऐकू येईल?

हा प्रश्न सोडवल्याशिवाय कोणी पुढचं प्रकरण लिहू नये. काळ बदलायची मुभा आपण कल्पनेला दिली आहे. पण प्रकाश आणि आवाज वर्तुळाची सीमा ओलांडतात आणि दोन्ही लाटांचे बनलेले आहेत, ते हिशोब मागणारच.

आत एक मिनिट, बाहेर दोन, असं धरू. बाहेरचं दोन मिनिटांचं ऊन आतल्यांना एका मिनिटात मिळतं, म्हणजे दुप्पट. शिवाय प्रत्येक लाटेची कंपनंही त्यांच्या लेखी दुप्पट, म्हणून तिची ऊर्जाही दुप्पट. एकूण ऊन चौपट. निरभ्र दिवशी सूर्यासमोर धरलेल्या एक चौरस मीटरवर साधारण 1000 वॅट पडतात, ते आत 4000 होतात. रंगही सरकतात : 500 नॅनोमीटरचा हिरवा प्रकाश 250 वर जातो, म्हणजे अतिनील, डोळ्याला दिसत नाही पण कातडी भाजतो. आणि आधी न दिसणारा अवरक्त प्रकाश दिसू लागतो. सूर्य निळसर पांढरा वाटेल. थोडक्यात, काळ संथ करणारे नर्तक भाजून निघतील. अंगभर कापड, चेहऱ्यावर पडदा हा वेश इथे शोभेसाठी नाही.

उलट, आत काळ दुप्पट जलद केला तर ऊन पाव उरतं आणि लालसर पिवळं होतं, जुन्या तारेच्या बल्बसारखं. आत संध्याकाळ झाल्यासारखं वाटेल, गारठाही लागेल. प्रतिस्पर्ध्याला म्हातारं करण्यासाठी त्याला जलद वर्तुळात कोंडणारा खलनायक बऱ्याच पत्रांत भेटला. त्याचा कैदी काळोखात आणि थंडीत म्हातारा होईल, लख्ख उन्हात नव्हे.

आवाजाचं गणित संगीत शिकलेल्यांना चटकन कळेल. आतला काळ निम्मा असताना बाहेर वाजणारा ढोल आतल्यांना दुगुनीत आणि एक सप्तक वर ऐकू येतो. आतला ढोल बाहेरच्यांना निम्म्या लयीत आणि एक सप्तक खाली. म्हणून लय धरणारा वर्तुळाच्या आतच हवा. बाहेर बसलेल्या वादकावर नाचणारे काळ बदलल्या क्षणी बेताल होतात आणि विधी तिथेच मोडतो. आलेल्या मसुद्यांत ही चूक सर्वांत जास्त वेळा दिसली.

सीमा धारदार ठेवू नका. अर्धा हात आत, अर्धा बाहेर असला तर रक्त एका बाजूने दुप्पट वेगाने येणार आणि दुसऱ्या बाजूला साचणार. दोन-तीन मीटरच्या पट्ट्यात बदल हळूहळू होतो असं ठरवा आणि ओलांडताना कानात दडे बसतात, रंग सरकतात, एवढं दाखवा. काळ पूर्ण थांबवणंही टाळा. थांबलेल्या काळातून प्रकाश बाहेर येत नाही, बाहेरच्यांना तिथे नुसता काळा घुमट दिसेल.

प्रश्न : या विधीला किंमत काय? नाहीतर कोणीही रोज सकाळी उठून काळ फिरवेल.

किंमत उन्हातच मोजा. नर्तकाने सूर्याकडे धरलेलं दीड चौरस मीटर कापड घटिकाभरात सुमारे 2.16 मेगाज्यूल ऊन झेलतं. बाराजणांचं मिळून 26 मेगाज्यूल, म्हणजे जेमतेम सात युनिट वीज. हे पूर्ण उन्हात. सकाळच्या तिरप्या उन्हात हवेचा थर जाड लागतो, तेव्हा याच्या निम्म्याच्या आसपास किंवा त्याहूनही कमी हाती येतं. सात युनिटांत युद्ध परतवता येत नाही, पण निसटलेला घडा हातात परत आणता येतो. एक मेगाज्यूलला किती पळं हा दर तुम्ही ठरवा आणि एकदा ठरवलात की शेवटच्या प्रकरणातसुद्धा मोडू नका. नायकाला जास्त काळ हवा असेल तर त्याने जास्त माणसं जमवावीत. यातून गोष्ट आपोआप पुढे जाते.

प्रश्न : मधेच ढग आला तर? आणि ग्रहण लागलं तर?

आधी एक ठरवा : शक्ती उजेडाची की सावलीची? ढगाआडूनही विखुरलेला उजेड येतोच, पण सावली पडत नाही. शक्ती उजेडाची मानली तर ढगाने फेर अशक्त होतो. सावलीची मानली तर तुटतो. आमचा कौल सावलीला. नियम असा ठेवता येईल : सावली गेली की टोकावरच्या नर्तकाने जिथे आहे तिथेच थांबावं, बाकीच्यांनी लय चालू ठेवावी, आणि ढगात गेलेली पळं पाळीत धरू नयेत. अडचण सावली परतल्यावर येते. सूर्य थांबलेला नसतो, टोक पुढे गेलेलं असतं आणि नर्तकाला ते अंतर एका झेपेत कापावं लागतं. पहिल्या चार पाळ्यांत दोन मिनिटांचा ढग म्हणजे 40 ते 55 सेंटिमीटर, जमण्यासारखं. दहा मिनिटांचा ढग आला तर फेर मोडून दुसऱ्या दिवशी नव्याने.

ग्रहणाचं नाव निघालं की ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ आठवणारच, आणि बऱ्याच जणांनी तेच लिहूनही पाठवलं आहे. पण ग्रहणातले खरे तपशील जास्त कामाचे आहेत. सूर्याची कोर उरत जाते तशी सावलीची कड एका दिशेने धारदार होते, दुसऱ्या दिशेने नाही. हाताच्या बोटांची सावली एका बाजूने कोरल्यासारखी दिसते. चकतीच्या भोकातून पडणारा डागही कोरीच्या आकाराचा होतो, तेव्हा नर्तकांना वर न बघता ग्रहण कळतं. खग्रास अवस्था एका जागी फार तर साडेसात मिनिटं टिकते, म्हणजे चार पाळ्याही पुऱ्या होत नाहीत.

प्रश्न : चांदण्यात हा विधी होईल का?

पौर्णिमेचा चंद्र सूर्याच्या सुमारे चार लाखाव्या भागाएवढा उजेड देतो. सूर्याच्या एका सेकंदासाठी चांदण्यात साडेचार दिवस अखंड नाचावं लागेल, आणि चंद्र तर सकाळी मावळतो.

प्रश्न : हे रंगमंचावर कसं दाखवायचं? दिवे लावले की सावल्याच सावल्या होतात.

एकच दिवा, आणि तो लांब. सूर्यासारखी कड हवी तर दिव्याचं तोंड अंतराच्या 108 व्या भागाएवढं असावं : 10 सेंटिमीटरचा दिवा 11 मीटरवर. जवळ आणलात तर एकाच वस्तूच्या सावल्या वेगवेगळ्या दिशांना फाकतात आणि प्रेक्षकाला लगेच दिवा जाणवतो. बाकीचा उजेड अगदी मंद, छतावरून परतवलेला ठेवा. सावली सरकवायची तर दिवा कमानीच्या पट्टीवर चढवा. खरा वेग ठेवलात तर कोणाला कळणार नाही, साठपट करा, म्हणजे घटिका 24 सेकंदांत.

उघड्यावर खऱ्या उन्हात आरसे वापरणार असाल तर दोन गोष्टी. आरसा जेवढा वळवाल त्याच्या दुप्पट कोनात कवडसा वळतो, म्हणून हाताने धरलेला आरसा फार थरथरतो, तिवईवर बसवा. आणि स्थिर आरशाचाही कवडसा दहा मीटरवरच्या भिंतीवर मिनिटाला चार सेंटिमीटरपर्यंत सरकतो, तेव्हा दर पाळीला एकाने तो जागेवर आणत राहायला हवं. अंतर्वक्र आरसा अजिबात नको, कापड पेटतं. कोणत्याही तालमीत नर्तकाला सूर्याकडे बघायला लावू नका. दृष्टिपटलाला वेदना कळत नाही, त्यामुळे इजा होताना काहीच जाणवत नाही आणि समजतं ते नंतर. चेहरा वर, डोळे मिटलेले, एवढंच.

प्रश्न : माझ्या कादंबरीत मी याला उत्तर अमेरिकेतल्या ‘सन डान्स’चं रूप दिलं आहे. हरकत आहे का?

आहे. सन डान्स हा लाकोटा आणि मैदानी प्रदेशातल्या इतर मूलनिवासी लोकांचा जिवंत धार्मिक विधी आहे. अमेरिकी सरकारने 1883 च्या नियमांनी त्यावर बंदी घातली होती आणि धर्मस्वातंत्र्याचा कायदा 1978 मध्ये झाला. ज्यासाठी माणसांनी शिक्षा भोगली तो विधी जादूचा खेळ म्हणून वापरणं आम्हाला पटत नाही, आणि तुमच्या कथेला त्याची गरजही नाही. शंकू, सावली आणि वर्तुळ यांवर कोणाचीच मालकी नाही. नाव, वेश, गाणी आणि नियम स्वतःचे रचा.

प्रश्न : काळ मागे जातो तेव्हा नाच नुसता उलटा करायचा का?

नुसता उलटा केला तर निम्मा भाग प्रेक्षकाला सरळच वाटेल. उडीच घ्या : हवेतला भाग सुलट आणि उलट अगदी सारखा असतो. 30 सेंटिमीटरची उडी अर्धा सेकंद हवेत राहते, वर जायला पाव आणि खाली यायला पाव. फरक दिसतो तो पाय जमिनीला लागताना. खरी उडी संपते तेव्हा गुडघे वाकून धक्का पितात. उलट्या काळात तो धक्का आधी यायला हवा : पाय टेकलेले असतानाच शरीर आधी थरथरतं, मग उडतं. तालमीत यालाच सर्वांत जास्त वेळ द्या.

गिरकीत घेर शरीरामागून येतो. आधी खांदे वळतात, मग कापड उचलतं, आणि थांबल्यावर कापड थोडं पुढे जाऊन पायांना गुंडाळतं. उलट्या काळात कापड आधी सुटायला हवं आणि मग शरीर वळायला. जिवंत नर्तकाला हे जमत नाही, पण घेराच्या कडेला बारीक दोरी ओवून ती दुसऱ्याने ओढली तर काही क्षण फसवता येतं. चित्रपटात उलटं चित्रीकरण करणार असाल तर जमिनीवर धूळ ठेवा, पावलांच्या ठशांत धूळ परत भरताना दिसली की बाकी काही सांगावं लागत नाही. आणि सावलीकडे लक्ष द्या : सकाळच्या उन्हात ती आखूड होण्याऐवजी लांबत गेली पाहिजे, पहिल्या ढांगेच्या खुणेपर्यंत.